वाटणीपूर्वी सुनावणी



शेतजमिनीच्या वाटणीचे भांडण हा विषय शहरात राहणाऱ्या सुशिक्षित कुटुंबांना काहीसा दूरचा वाटण्याचा संभव आहे. परंतु आपल्यांपैकी पुष्कळांच्या घरी, कपाटाच्या तळाशी, आजोबांच्या वेळचा सातबाराचा एखादा पिवळा पडलेला उतारा असतोच. गावी चुलतभाऊ जमीन कसतो, सुगीनंतर ज्वारीचे किंवा तांदळाचे एखादे पोते येते, आणि त्या उताऱ्यावर आज कोणाकोणाची नावे आहेत याची चौकशी वर्षानुवर्षे कोणी करीत नाही. ती करण्याची पाळी बहुधा तीन प्रसंगी येते : घरातील वडील माणूस निवर्तते तेव्हा, जमिनीतून रस्ता वा कालवा जाऊन भरपाईचे पैसे यावयाचे असतात तेव्हा, अथवा कोणाला तरी आपला वाटा विकावयाचा असतो तेव्हा. मग तंटा उभा राहतो. त्यात कोणाचा हिस्सा किती, हाच प्रश्न मुख्य आहे असे वरकरणी दिसते. तथापि त्याच्याही आधीचा एक प्रश्न आहे, तो असा की, हिस्सा ठरविताना ज्यांचा ज्यांचा त्या जमिनीशी संबंध आहे त्या सर्वांचे म्हणणे ऐकून घेतले गेले काय? आज मी बोलणार आहे ते या दुसऱ्या प्रश्नाविषयी.

मी वकील नव्हे. खेड्यापाड्यांच्या शाळांतून मुलांना शिकविण्यात माझा जन्म गेला. परंतु गावच्या मास्तराकडे अर्ज लिहून मागण्यास आणि आलेली नोटीस वाचून घेण्यास माणसे येतच असतात. त्या निमित्ताने जे कागद डोळ्यांखालून गेले आणि त्यांच्यासाठी जेवढा कायदा समजून घ्यावा लागला, तेवढाच सोप्या शब्दांत आपणांपुढे ठेवण्याचा माझा विचार आहे.

समजण्यास सोपे जावे म्हणून एक घर कल्पनेने डोळ्यांसमोर आणू. वडील मृत्युपत्र न करता वारले आहेत. मागे आई, दोन मुलगे व एक मुलगी अशी चार माणसे आहेत. वडिलोपार्जित आठ एकर जमीन आहे आणि तिच्या एका अंगाला विहीर आहे. थोरला मुलगा गावी राहून जमीन कसतो, धाकटा पुण्यास नोकरीवर आहे, आणि मुलगी दुसऱ्या तालुक्यात दिलेली आहे. हिंदू कुटुंबापुरते बोलावयाचे तर आजच्या कायद्याने या चौघांचे वाटे सामान्यतः समान, म्हणजे प्रत्येकी दोन एकर अथवा ऐंशी गुंठे होतात. मुलीच्या हक्काविषयी अजूनही पुष्कळ घरांत संदिग्धता आढळते, म्हणून दोन शब्द स्पष्ट सांगतो. महाराष्ट्राने १९९४ साली एका दुरुस्तीने मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः हक्क दिला, परंतु त्यापूर्वी लग्न झालेल्या मुली त्यातून वगळल्या गेल्या होत्या. पुढे १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार अधिनियमातच दुरुस्ती होऊन ९ सप्टेंबर २००५ पासून मुलगी मुलाच्या बरोबरीने हक्कदार झाली. मग तिचे लग्न झालेले असो वा नसो. त्या दिवशी वडील हयात असले पाहिजेत की काय, या वादाचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा खटल्यात दिला, आणि तशी गरज नाही असे ठरविले. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा न्यायालयाच्या हुकूमनाम्याने ज्या वाटण्या पुऱ्या झाल्या, त्यांना धक्का लागत नाही. 'तोंडी वाटणी पूर्वीच झाली होती' एवढे नुसते म्हणून चालत नाही. त्यास सरकारी कागदांचा भक्कम आधार असावा लागतो.

आकडा इतका स्पष्ट असता भांडण का होते, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर असे की, ऐंशी गुंठे आणि ऐंशी गुंठे हे कागदावर सारखे असले तरी जमिनीवर सारखे नसतात. विहिरीकडचे ऐंशी गुंठे निराळे, आणि माळाकडचे निराळे. शिवाय प्रत्येकाच्या मनात एकेक हिशेब असतो. थोरला म्हणतो, विहिरीवर इंजिन बसविले, पाइप टाकला, सोसायटीचे कर्ज फेडले, ते मी एकट्याने. धाकटा म्हणतो, दर महिन्यास मी घरी पैसे पाठवीत होतो, त्यांतूनच ते झाले. बहीण म्हणते, वडिलांच्या शेवटच्या आजारपणात सहा महिने मी सासर सोडून येथे राहिले. आई म्हणते, माझ्या पोटापाण्याचे काय? या हकीकतींपैकी प्रत्येक हकीकत एकेका माणसालाच पुरती ठाऊक असते. जो बैठकीस बोलावलाच गेला नाही त्याच्याबरोबर त्याची हकीकतही बाहेर राहते, आणि मग अपुऱ्या माहितीवर निवाडा होतो. म्हणून सुनावणी ही कोणी कोणावर केलेली मेहेरबानी नव्हे. खरे काय आहे हे कळण्याचा तोच एक मार्ग आहे.

हा विचार परक्यांकडून उसना आणलेला नाही. ज्या मिताक्षरेच्या आधारे आपल्या प्रांतात वडिलोपार्जित मिळकतीच्या वाटण्या होत आल्या, ती मिताक्षरा ही याज्ञवल्क्यस्मृतीवरील टीका होय. विज्ञानेश्वराने ती चालुक्य विक्रमादित्याच्या कारकिर्दीत, अकराव्या-बाराव्या शतकांच्या सुमारास लिहिली. या ग्रंथपरंपरेत खटल्याला चार पाय सांगितले आहेत : वादीची फिर्याद, प्रतिवादीचे उत्तर, पुरावा, आणि निर्णय. उत्तर हा खटल्याचा एक पायच मानला आहे. तो नसेल तर खटला लंगडा. त्याहूनही लक्षात ठेवण्याजोगी गोष्ट अशी की, फिर्याद प्रतिवादीच्या समोर लिहून घ्यावी आणि उत्तर फिर्यादीच्या समोर लिहून घ्यावे, असे तेथे सांगितले आहे. कोणाच्याही पाठीमागे कागद होऊ नये, हा त्यातील भाव उघड आहे.

मराठेशाहीतही वतनाचे व जमिनीचे तंटे गोतसभेपुढे जात, तेव्हा उभय पक्षांकडून आपापली हकीकत, जिला करीना म्हणत, लिहून घेतली जाई. सभेचा निवाडा आम्ही मान्य करू असे लेखी घेतले जाई. त्याला राजीनामा म्हणत. या शब्दाचा अर्थ आज अगदी निराळा झाला आहे. दोन्ही बाजूंचे जामीन घेतले जात. शेवटी निकालाचा महजर होऊन त्यावर सभासदांच्या सह्या व निशाण्या होत, आणि त्यांत कुणब्याची निशाणी नांगर असे. त्या सभेत सर्व जातींचा आणि बायामाणसांचा आवाज सारखा उमटत होता, असे म्हणणे धाडसाचे होईल. परंतु दोन्ही करीने आल्याशिवाय महजर नाही, ही शिस्त मात्र होती. पेशवाई बुडाल्यावर माउंट स्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनी १८१९ साली जिंकलेल्या मुलखाविषयी जो अहवाल लिहिला, त्यात पंचायतीचे गुण जसे नोंदविले तशी तिची दिरंगाईही नोंदविली आहे.

आता आजच्या न्यायालयांचे मत पाहू. दुसरी बाजू ऐकल्यावाचून निर्णय करू नये, या तत्त्वाला ते नैसर्गिक न्यायाचे तत्त्व म्हणतात. या बाबतीत इंग्लंडातील १८६३ चा एक खटला आपल्या येथेही वारंवार आधारास घेतला जातो. कूपर नावाच्या गृहस्थाने आवश्यक ती सूचना न देता लंडनमध्ये घर बांधावयास घेतले, म्हणून तेथील वॉन्ड्सवर्थ मंडळाने त्यास काहीएक न विचारता ते पाडून टाकले. ऐकून घ्या असे कायद्यात कोठे लिहिलेले नव्हते. तरीही न्यायालयाने कूपरच्या बाजूने निकाल दिला. त्यातील बोध असा की, ज्याची चूक उघड दिसते त्यालाही विचारलेच पाहिजे. कदाचित् त्याच्यापाशी सांगण्यासारखे काही असेल. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९६७ साली ओरिसा राज्यातील एका सरकारी डॉक्टरबाईंच्या प्रकरणात हेच तत्त्व लावले. त्यांची जन्मतारीख सरकारने बदलली होती, परंतु ज्या चौकशी-अहवालावरून ती बदलली तो त्यांना दाखविलाच नव्हता. सरकारी दप्तरातील एखादी नोंद बदलल्याने माणसाच्या हक्कावर परिणाम होत असेल तर त्यास आधी ऐकले पाहिजे, असा त्या निकालाचा आशय आहे. सातबारावरचे नाव ही देखील सरकारी दप्तरातील नोंदच होय. म्हणून हे तत्त्व थेट आपल्या आठ एकरांपर्यंत येऊन पोहोचते.

या साऱ्याचे सार काढले तर न्याय्य सुनावणीची पाच अंगे दिसतात. पहिले, सूचना खरोखर हाती पडली पाहिजे. दुसरे, आपल्याविरुद्ध काय म्हटले आहे आणि कोणते कागद दाखविले आहेत, ते कळले पाहिजे. तिसरे, उत्तर देण्यास पुरेसा अवधी मिळाला पाहिजे. चौथे, ऐकणारा माणूस निःपक्षपाती असला पाहिजे. पाचवे, निर्णय कारणांसह लेखी झाला पाहिजे. कारण न सांगता दिलेल्या निर्णयावरून आपले म्हणणे ऐकले की नुसते कानांवर घेतले, हे कळण्यास मार्ग नसतो.

या कसोट्या हाती घेऊन तलाठी कार्यालयापासून सुरुवात करू. तलाठ्याला आता ग्राम महसूल अधिकारी असे नाव मिळाले आहे. वडील वारल्यावर वारसाची नोंद व्हावयाची असते. तीन महिन्यांच्या आत खबर द्यावी, असे महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ सांगतो. वारसांची माहिती गाव नमुना सहा-क मध्ये येते आणि मग फेरफार नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना सहामध्ये, नोंद धरली जाते. या पहिल्या नोंदीने कोणाचे नाव सातबारावर लगेच पक्के होत नाही. नोंदीची प्रत चावडीत लावावयाची असते आणि दप्तरावरून ज्यांचा संबंध दिसतो त्यांना लेखी सूचना पाठवावयाची असते. हरकत घेण्यास सामान्यतः पंधरा दिवसांची मुदत असते. कोणी हरकत घेतली तर प्रकरण विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत, गाव नमुना सहा-अ मध्ये जाते, आणि अधिकारी उभय पक्षांना बोलावून ऐकून घेतो. हरकत नसेल तर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. म्हणजे वर सांगितलेली पाच अंगे या व्यवस्थेत मुळातच योजिलेली आहेत.

मग चुकते कोठे? बहुधा पहिल्याच पायरीवर, सूचनेच्या पत्त्यात. वारसाचा अर्ज गावी राहणारा थोरला भाऊ करतो. बहिणीचा पत्ता लिहावयाचा तो त्यानेच, आणि तो भोळेपणाने किंवा क्वचित् जाणूनबुजून माहेरचाच लिहितो. सूचना येते ती त्याच्याच दारी. ती कोणीतरी सही करून घेते आणि कागदावर बहिणीला सूचना पोहोचली असे ठरते. ज्याच्याविरुद्ध हरकत यावयाची, त्याच्याच हाती हरकतीची सूचना गेली, असा हा प्रकार होतो. पुण्याच्या धाकट्या भावाचीही तीच गत. चावडीच्या फळ्यावर लावलेला कागद त्याला दिसावा कसा? दुसरी चूक नावाची. जुन्या काळी थोरल्या भावाचे एकट्याचे नाव लावून पुढे 'ए. कु. मॅ.' म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर असे लिहीत. एक पिढी गेली की ती तीन अक्षरे कोणाच्या ध्यानात राहत नाहीत, आणि व्यवस्था पाहणाराच मालक समजला जातो. तिसरी चूक जबाबाची. 'माझी काही हरकत नाही' असा तयार लिहिलेला जबाब पुढे येतो, आणि सणासुदीला माहेरी आलेली बहीण भिडेखातर, न वाचता, त्यावर सही करते. ज्या सहीमागे समजून घेतलेली संमती नाही, ती सही म्हणजे सुनावणी नव्हे.

यावर उपाय आहेत, आणि ते घरबसल्या करता येण्याजोगे आहेत. सातबाराचे उतारे आता संगणकावर पाहता येतात. फेरफाराच्या नोटिसाही 'आपली चावडी' या सरकारी संकेतस्थळावर गाववार पाहावयास मिळतात. सहा महिन्यांतून एकदा आपल्या गावाचे नाव घालून पाहण्यास पाच मिनिटे लागतात. नोंद चुकीची वाटली तर हरकत लेखी द्यावी, तिच्या प्रतीवर पोच घ्यावी, आणि स्वतःचा खरा पत्ता त्यात स्पष्ट लिहावा. सुनावणीच्या दिवशी समोरच्या पक्षाने हजर केलेल्या कागदांच्या नकला मागाव्या. ते पाहिल्याशिवाय उत्तर देता येत नाही, असे नम्रपणे परंतु लेखी सांगावे. महसुली चौकशी आणि तिचा निर्णय उघडपणे व्हावा आणि पक्षकारांना हजर राहण्याची रीतसर सूचना असावी, असे कायद्याचेच सांगणे आहे. निर्णय विरुद्ध गेला तर प्रांताधिकाऱ्यांकडे साठ दिवसांत अपील करता येते, आणि उशीर झाला असल्यास सबळ कारण दाखवून तो माफ करवून घेता येतो. आपणांस सूचनाच मिळाली नव्हती, हे त्यांपैकी एक सबळ कारण होय.

येथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. फेरफाराची नोंद म्हणजे मालकीचा निकाल नव्हे. नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते, एवढेच कायदा म्हणतो. महसुली नोंदीने मालकी उत्पन्न होत नाही आणि नष्टही होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली व नंतरही पुन्हा पुन्हा सांगितले आहे. म्हणून नाव गळाले तर सर्वस्व गेले असे समजून हाय खाऊ नये. परंतु 'नुसती नोंदच तर आहे' म्हणून स्वस्थही बसू नये. पीककर्ज, अनुदान, भूसंपादनाची भरपाई, खरेदीदाराची चौकशी ही सारी त्या उताऱ्यावरूनच चालतात. भरपाईचे पैसे एकदा वाटले गेले की ते परत मिळविण्यास वर्षे जातात.

प्रत्यक्ष वाटणी तीन मार्गांनी होते. सर्वांची एकवाक्यता असेल तर वाटणीपत्र करून ते नोंदविता येते. किंवा महसूल अधिनियमाच्या कलम ८५ प्रमाणे तहसीलदारांकडे अर्ज करता येतो. त्या कलमात सहधारकांना ऐकून घेतल्यानंतर वाटप करावे असे शब्दच आहेत, आणि मालकीविषयी वाद निघाल्यास तो दिवाणी न्यायालयात मिटेपर्यंत वाटप होत नाही. तिसरा मार्ग दिवाणी दाव्याचा. त्यात न्यायालय प्रथम हिस्से ठरविते आणि नंतर, सारा भरणाऱ्या जमिनीची प्रत्यक्ष फोड १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांच्या खात्याकडून होते. या संहितेत समन्स बजावण्याचा नियम मोठा विचारपूर्वक केलेला आहे. प्रतिवादी घरी नसेल व लवकर भेटण्याचा संभव नसेल तर त्याच्याबरोबर राहणाऱ्या कुटुंबातील सज्ञान माणसावर समन्स बजावता येते. परंतु अट 'बरोबर राहणाऱ्या' अशी आहे. सासरी नांदणाऱ्या बहिणीचे समन्स माहेरच्या भावाला दिले तर ते तिला पोहोचले असे होत नाही. अशा रीतीने एकतर्फी हुकूमनामा झालाच, तर तो कळल्यापासून तीस दिवसांत रद्द करून मागता येतो. खर्चाची अडचण असेल तर १९८७ च्या विधि सेवा प्राधिकरण अधिनियमाखाली प्रत्येक स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर साहाय्य मिळण्याचा हक्क आहे. त्यासाठी तालुक्याच्या न्यायालयातील विधि सेवा समितीकडे जावे.

आतापर्यंत मी बहिणीची आणि परगावच्या भावाची बाजू अधिक मांडली. कारण न ऐकली जाणारी माणसे बहुधा तीच असतात. परंतु दुसरी बाजू ऐकावी असे सांगणाऱ्याने थोरल्या भावाचीही बाजू ऐकली पाहिजे. शहरात राहणाऱ्या वारसाला जमीन म्हणजे एक आकडा असतो, आणि कसणाऱ्याला ती वीस वर्षांची पहाट असते. अवर्षणात बोअर मारून पाणी लागले नाही, त्याचे कर्ज त्याच्या एकट्याच्या नावावर असते. म्हाताऱ्या आईला रात्री दवाखान्यात नेणारा तोच असतो. कायद्याने हिस्सा समान आहे हे सांगून त्याचे तोंड बंद करणे, हीही एक प्रकारची एकतर्फी सुनावणीच होय. त्याचे म्हणणे ऐकल्याने बहिणीचा वाटा घटतो असे मुळीच नाही. परंतु कोणाला कोणता तुकडा द्यावा, विहिरीचे पाणी कसे वाटावे, कर्जाचा भार कोणी किती उचलावा, हे ठरविताना त्याची हकीकत उपयोगी पडते. ज्या सहहिस्सेदाराने जमिनीच्या ज्या भागात सुधारणा केली तो भाग शक्यतो त्याच्याच वाट्यास यावा, अशी दृष्टी न्यायालयेही ठेवतात. शिवाय १९४७ चा तुकडेबंदीचा कायदा आहेच. लहानलहान तुकडे पाडून जमीन निरुपयोगी होऊ नये असा त्याचा हेतू असल्याने, कित्येकदा एकाने जमीन घ्यावी व दुसऱ्यास पैसे द्यावे, हाच मार्ग उरतो. तो सर्वांना बसवून बोलल्याशिवाय निघणार कसा?

यावर कोणी म्हणेल, कोर्टकचेरी हवी कशाला? चार पंच बसवून घरातच मिटवावे. हे म्हणणे मला मान्य आहे. घरचा तंटा घरात मिटला तर त्याहून चांगले ते काय? महाराष्ट्र शासनाने १५ ऑगस्ट २००७ पासून महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू केली, तिच्यामागेही हीच इच्छा होती. मात्र तंटा मिटणे आणि तंटा दबणे यांत अंतर आहे. गाव तंटामुक्त झाले अशी पाटी लागावी म्हणून एखाद्या विधवा भावजयीला 'आता फार ताणू नका, वहिनी' असे सांगून गप्प बसविले, तर तो तंटा संपला नाही. तो पुढच्या पिढीकडे गेला. पंचांमुखी परमेश्वर म्हणतात, परंतु त्या परमेश्वराला दोन कान आहेत हे पंचांनी विसरू नये. १९६९ साली सर्वोच्च न्यायालयाने एक निवड रद्द ठरविली, कारण निवडणाऱ्या मंडळातील एक गृहस्थ स्वतःच उमेदवार होते. आपल्या नावाचा विचार चालू असता ते बाजूस झाले होते, तरी तेवढ्याने भागत नाही असे न्यायालयाने म्हटले. मग जो चुलता शेजारच्या बांधाचा वाटेकरी आहे, किंवा ज्या पुढाऱ्याला तीच जमीन विकत घ्यावयाची आहे, त्याने त्या जमिनीचा पंच होणे कितपत योग्य?

घरच्या बैठकीसाठी मला सुचतात त्या गोष्टी साध्या आहेत. बैठकीचा दिवस सर्वांना विचारून ठरवावा, आणि तो बहिणीला तिच्या सासरच्या पत्त्यावर कळवावा. सातबारा, आठ-अ चा उतारा, जुने फेरफार आणि कर्जाचे कागद यांच्या नकला बैठकीपूर्वी आठ दिवस प्रत्येकाला द्याव्या. प्रत्येकाने मध्ये न अडविता आपले म्हणणे पुरे करावे. सर्वांत धाकट्याने किंवा सर्वांत कमी बोलणाऱ्याने आधी बोलावे, म्हणजे वडीलधाऱ्यांच्या बोलण्याचे दडपण येत नाही. आईचे म्हणणे तिच्याच तोंडून ऐकावे. 'आईचे काय, ती आमच्यातच आहे' असे तिच्या वतीने मुलांनी बोलू नये. हक्कसोडपत्राचा विषय निघाल्यास त्याच दिवशी सही घेऊ नये. बहिणीला तिच्या सोयीने, भावांच्या गैरहजेरीत, एखाद्या त्रयस्थ वकिलाकडून त्याचा अर्थ समजून घेऊ द्यावा. सर्व समजून तिने हक्क सोडला तर तो तिचा औदार्यभाव. न समजता सोडला तर ती तिची फसगत. या दोहोंतील फरक घरच्यांनाही आयुष्यभर जाणवत राहतो. शेवटी जे ठरेल ते कारणांसह लिहावे, सर्वांना वाचून दाखवावे, आणि नंतरच नोंदणी कार्यालयाची पायरी चढावी.

इतके करूनही सर्वांचे समाधान होईलच, असे नाही. वाटणीत कोणाला तरी माळाकडची बाजू येणारच. परंतु आपले म्हणणे पुरते ऐकले गेले, त्याचा विचार झाला, आणि तरीही काही कारणाने निर्णय असा झाला, हे ज्याला ठाऊक असते, तो मनुष्य हरला तरी भावाच्या घरी लग्नकार्यास येतो. ज्याला न विचारता वाटणी झाली तो कदाचित् पुरा हिस्सा मिळूनही येत नाही. बांध घातल्यावरही त्याच्या दोन्ही बाजूंच्या माणसांना एकमेकांशी बोलता यावे, अशी ज्यांची इच्छा असेल त्यांनी बांध घालण्यापूर्वी सर्वांना बोलू द्यावे, एवढेच माझे सांगणे आहे.